चाकांची बैठक

सोयरिकीतली भेट परत करायची नसते. शेजारणीने दिलेला लोणच्याचा डबा आवडला नाही तर गपचूप दुसरीकडे ढकलता येतो, पण मुलाकडची भेट परत गेली म्हणजे सोयरीकच मोडली. जपानातल्या मिकावा भागात हे शेंबड्या पोरालाही कळतं. म्हणून होणाऱ्या जावयाने अंगणात आणून मांडलेल्या चार नव्याकोऱ्या रिम्स पाहताच त्या आपल्या गाडीला बसतील असं ओसुगा कीइचीला वाटेना, आणि तरीही तोंडाने तो म्हणाला, "वा! काय चमकतात हो!"

जावई, म्हणजे इनागाकी, एवढा खूश झाला की दोनदा कमरेत वाकला. चारही रिम्सना त्याने लाल-पांढऱ्या दोऱ्याची गाठ बांधली होती, लग्नात बांधतात तसली, न सुटणारी.

"चिनात्सु म्हणाली, दुसरं लग्न आहे, देणंघेणं काही नको," तो सांगू लागला. "पण तुमच्या गाडीच्या रिम्स खराब झाल्यात असं तिच्याच तोंडून ऐकलं. म्हटलं, निदान एवढं तरी करावं. चार भोकांच्याच आणल्यात बरं का. मोजून आणल्यात."

"काय मोजलंत?"

"भोकं. चार."

कीइचीची मुलगी चिनात्सु दारात उभी होती. तिने बापाकडे पाहिलं आणि बापाने संत्र्यांच्या बागेकडे. इनागाकीला गाड्यांतलं ओ की ठो कळत नव्हतं. तो दातांच्या कारखान्यात कवळ्या करायचा. चाळिशी उलटलेला, शांत, नखं स्वच्छ, हसला की आधी कान लाल होणारा माणूस. अशा माणसाला तोंडावर काय सांगायचं, की बाबा रे, रिम म्हणजे पोळपाट नव्हे, कुठलीही कुठे चालायला?

रिमला चार भोकं असतात हे खरंच. पण ती चार भोकं केवढ्या वर्तुळावर आहेत हे बघावं लागतं. मधलं मोठं भोक गाडीच्या आसाच्या टोकावर, म्हणजे हबवर, जातं का हे बघावं लागतं. आणि सगळ्यात महत्त्वाची ती बैठक. चाक मडगार्डच्या आत किती बसतं आणि बाहेर किती येतं, त्याला कीइची बैठक म्हणायचा. लग्नाच्या बैठकीत जसं सगळं जमतं आणि एका शब्दावरून फिसकटतं, तशीच ही. वर्तुळ जमलं, मधलं भोक जमलं, आणि बैठक बोटभर चुकली की गेलं सगळं मुसळ केरात.

कीइचीची गाडी तीस वर्षांच्या वरची. पांढरा रंग सायीसारखा पिवळसर झालेला, पण इंजिन एका हाकेला ओ द्यायचं. रिम्स मात्र समुद्राच्या वाऱ्याने खाल्ल्या होत्या. त्याचं घर गामागोरी गावाच्या टेकडीवर, आणि तिथे वारा खारटच येतो. रिमचा काठ खरवडला गेला की टायर त्यावर घट्ट बसत नाही, हवा हळूहळू जाते. टायरवाल्याने हात वर केले होते. "काका, या रिम्सवर मी नवे टायर चढवणार नाही. आधी रिम्स बदला, मग या," असं त्याने साफ सांगितलं होतं.

आता कुणी म्हणेल, एवढं काय? गाडी भाड्याने आणा, मुलीला बसवा आणि लग्नाला जा. तर तसं नव्हतं. घोडं पेंड खात होतं ते वळणावर.

ओसुगांच्या घरातून खाली उतरायला एकच रस्ता. दोन्ही बाजूंना बागेच्या दगडी ताली, आणि मध्येच वाटसरूंना सांभाळणाऱ्या जिझो देवाच्या मूर्तीपाशी असं वळण की पार्सलवाला तिथे दोनदा मागेपुढे करतो आणि भाड्याची लांब गाडी तीनदा. एका दमात ते वळण घेणारी पंचक्रोशीत एकच गाडी होती, कीइचीची. स्टिअरिंग शेवटपर्यंत फिरवायचं, भिंत हातभर लांब ठेवायची, आणि गाडी अलगद फिरायची. आणि नवरीची गाडी मागे घ्यायची नसते. मागे घेतली तर मुलगी माघारी येते. वाटेत समोरून कुणी आलं तर तो मागे जातो, मग तो डॉक्टर असो की पोलीस. हा नियम कीइचीच्या आजोबांच्या बैलगाडीलाही होता आणि त्याच्या गाडीलाही होता.

चिनात्सु एकदा माघारी आली होती. म्हणून तर हे सगळं.

इनागाकी गेल्यावर कीइचीने नव्या रिम्सवर टायर चढवून आणले आणि चाकं बसवली. बसली! भोकं जुळली, मधलं भोकही हबवर गेलं. त्याला वाटलं, देव पावला. मग लांब उभा राहून पाहतो तर चाकं मडगार्डच्या बाहेर डोकावतायत. गाडी बाह्या वर करून भांडायला निघाल्यासारखी दिसत होती. तो गाडीत बसला आणि वळणापर्यंत गेला. स्टिअरिंग फिरवलं. शेवटचा थोडा फेरा राहिला असताना खर्रर्र आवाज आला, टायर पत्र्याला लागला आणि स्टिअरिंग अडलं. भिंत समोर. कीइचीने गाडी मागे घेतली. जिझो लाल लाळेरं बांधून त्याच्याकडे बघत बसला होता.

"तू काय बघतोस?" कीइची त्याच्यावर खेकसला.

पुढचे काही दिवस तो वळणावर जाऊन पुन्हा पुन्हा स्टिअरिंग फिरवून बघायचा. सकाळी चिनात्सु पतसंस्थेत कामाला निघायची. दारात बूट चढवताना म्हणायची, "जाऊन येते, बाबा." तो आतून म्हणायचा, "ये जाऊन." एवढंच दोघांचं रोजचं बोलणं. पण आता ते ऐकून तो उठून दारापर्यंत यायचा. आणखी थोड्या दिवसांनी दारात कुणी असं म्हणणार नव्हतं. बायको गेली त्याला आठ वर्षं झाली होती. चिनात्सु गेली की घरात तो, आणि बायकोच्या तसबिरीपुढे ठेवलेली संत्री.

कीइचीची मोठी बहीण फुसाए पलीकडच्या उतारावर राहायची. ऐंशीची, पण तोंड असं की लाह्या फुटाव्यात. ती आली, गाडीभोवती एक चक्कर मारली आणि म्हणाली, "घासते ना?"

"तुला कुणी सांगितलं?"

"माझे कान शाबूत आहेत. उतारावर दिवसभर तुझं खर्रर्र खर्रर्र ऐकतेय. भेटीच्या रिम्स ना या?"

"हो. ताई, मला वाटतं त्या पर..."

"गप्प!" फुसाएने त्याच्या दंडावर चापट मारली. "लग्नघरात तो शब्द काढायचा नाही. परत नाही, मागे नाही, तुटलं नाही, कापलं नाही. काल चिनात्सुला म्हटलं भोपळा काप, तर माझीच जीभ मी चावली. भोपळा मोकळा कर म्हणायचं. आणि ऐक, त्या दिवशी ती निघताना जाऊन येते म्हणायचं नाही. सांगून ठेव तिला."

"मग काय म्हणायचं तिने?"

"बायका म्हणतात ते. इतकी वर्षं सांभाळलंत, उपकार झाले. आणि निघायचं."

कीइचीला ते पटलं होतं. पटलं नसतं तरी फुसाएपुढे कुणाचं चालतंय?

रविवारी इनागाकी आला. हातात चिकुवा या माशाच्या वड्यांची पिशवी, चेहरा हसरा. अंगणात आला आणि थबकला. गाडीपाशी उकिडवा बसला, टायरच्या खांद्यावर बोट फिरवलं आणि बोटाला लागलेली काळी भुकटी बघत राहिला. त्याचे कान लाल झाले, पण हसण्याने नव्हे.

"लागतंय," तो म्हणाला. "कवळी लागते तसं. ओसुगासान, तुम्ही सांगितलं का नाहीत?"

"भेट आहे ती. भेटीला नावं ठेवतात का?"

"अहो, मी कवळी करतो. लागत असूनही छान आहे म्हणणारे म्हातारे मला रोज भेटतात. महिन्याने तोंडात फोड घेऊन येतात." तो उठला. "तुम्ही त्यांच्यातले निघालात."

कीइचीला हसू आलं. जावयाने पहिल्यांदा त्याला टोमणा मारला होता, आणि तो बरा लागला.

मग इनागाकीने जे केलं ते कीइचीने जन्मात पाहिलं नव्हतं. त्याने आपल्या झोळीतून गुलाबी मेणाच्या पट्ट्या काढल्या, दातांचा साचा घेतात त्या. हातात मळून मऊ केल्या आणि मडगार्डच्या आत, टायरच्या समोर, ठिकठिकाणी चिकटवल्या. "आता सावकाश फिरवा. आधी इकडे, मग तिकडे." कीइचीने स्टिअरिंग फिरवलं. इनागाकीने मेण सोडवून काढलं. एका पट्टीवर टायरची नक्षी खोल उमटली होती, बाकीच्यांवर नुसता स्पर्शही नव्हता.

"पेशंट म्हणतो, सगळं तोंड दुखतंय," इनागाकी म्हणाला. "पण दुखत असतो एकच ठिपका. हा बघा. चाक एवढं आत गेलं की सुटला प्रश्न." त्याने अंगठ्याच्या रुंदीएवढी खूण केली.

"बरोबर बोललात," कीइची म्हणाला. "जुन्या रिमची बैठक तेवढीच आत होती. चला, दाखवतो."

त्याने जुनी खाल्लेली रिम पालथी घातली. काठावर आडवी काठी ठेवली आणि काठीपासून बुडापर्यंत किती खोल जातं ते दाखवलं. रिमचं बूड जिथे हबला टेकतं तीच बैठक. इनागाकीने स्वयंपाकघरातून दांगो, म्हणजे तांदळाच्या पिठाचे गोळे, भाजायची बांबूची काडी आणली, त्या खोलीएवढी तोडली आणि टोक घासून गुळगुळीत केलं. घासून घासून. कीइची बघत होता. असा मन लावून काडी घासणारा माणूस त्याला आवडला. हे त्याने बोलून दाखवलं नाही, पण चहाबरोबर त्याच्यापुढे सगळ्यात गोड संत्रं ठेवलं.

फुसाएला सांगितलं तर ती म्हणाली, "भेट मागे... छी, भेट तशी जात नाही. पुढे जाते. दोन रिम्स मला द्या. मुळ्याच्या लोणच्यावर ठेवायला मला वजन हवंच होतं. दोन जावयाने आपल्या अंगणात ठेवाव्या, फुलझाडांना."

तो प्रश्न असा मिटला.

दुसऱ्या रविवारी दोघे तोयोहाशी शहराबाहेरच्या भंगारवाल्याकडे निघाले. मागच्या सीटवर जुनी रिम, इनागाकीच्या खिशात बांबूची काडी. उतार संपून मोठा रस्ता लागला. मग इनागाकी म्हणाला, "ओसुगासान, एक विचारू? चिनात्सु म्हणते, जिझोपर्यंत मी चालत जाईन, पुढे गाडीत बसेन. आत्याबाई का भडकल्या?"

"नवरी घराच्या दारातून निघते. कोपऱ्यावर उभं राहून बस पकडायला ती काय शाळकरी पोर आहे?"

इनागाकीने मान हलवली. कीइचीने आणखी थोडी गाडी चालवली. मग त्याच्या तोंडून निघालंच.

"पहिल्या वेळी ती अशीच गेली होती. ओसाकाला नोकरी, तिथेच तो माणूस. कचेरीत जाऊन लग्नाची सही केली आणि फोन केला. मी बागेत होतो, झाडावर. म्हटलं, बरं, तब्येत सांभाळ. झालं! ना मी तिला दारातून निरोप दिला, ना कुणी खाऊ उधळला. पाच वर्षांनी आली ती एक बॅग घेऊन. फुसाए म्हणते, निरोप नीट दिला नाही की मुलगी नीट जात नाही. तुम्ही शिकलेले आहात, हसाल."

इनागाकी हसला नाही.

"नाही हसत," तो म्हणाला. "एका वळणात काढू आपण गाडी."

'आपण' म्हणाला तो. कीइचीने खिडकीची काच उगाच खाली केली आणि वर केली.

भंगाराची मालकीण मात्सुएबाई सिगरेट कानावर अडकवून बसली होती. गाडीकडे बघून म्हणाली, "अगंबाई, ही अजून चालते? विकायला आणलीत का?"

"रिम्स घ्यायला आलोय. याच गाडीच्या."

"चार भोकांच्या, मोठ्या वर्तुळाच्या? आजोबा, आता कोण ठेवतं त्या? तिकडे कोपऱ्यात बघा. हात काळे करायची तयारी असेल तर."

हात काळे झाले. इनागाकीची स्वच्छ नखं दुपारपर्यंत कोळशासारखी झाली. एक रिम मिळाली, काडी बरोबर बसली, पण भोकांचं वर्तुळ लहान निघालं. दुसरीचं वर्तुळ बरोबर, पण मधलं भोक हबवर जाईना. तिसरी अशी सुंदर की कीइचीने चार वेळा उलटीपालटी केली, पण तिथे काडी काठीच्या वर डोकावली, रिमची बैठक उथळ. "मोह सोडा," इनागाकी म्हणाला. "लागेल ती."

"कळतंय हो मला," कीइची म्हणाला आणि ती खाली ठेवली.

मग ढिगाच्या तळाशी, कुण्या ड्रायव्हिंग स्कूलच्या भंगारात गेलेल्या गाडीच्या, चार काळ्या लोखंडी रिम्स निघाल्या. रांगड्या, बिनचमकीच्या. इनागाकीने पहिली पालथी घातली, काठी आडवी ठेवली, काडी उभी केली. काडीचं टोक काठीला नुसतं शिवलं. दोघांनी एकमेकांकडे पाहिलं. वर्तुळ जुनीशी जुळवलं, जुळलं. मधलं भोक जुळलं. इनागाकीने उरलेल्या तिन्हींनाही काडी लावली, कारण तो तसाच माणूस होता.

"लग्नाला या काळ्या?" मात्सुएबाई म्हणाली. "नवरीला नेताय की गाडी शिकायला नेताय?"

"बसल्या पाहिजेत," कीइची म्हणाला. "दिसायचं काय घेऊन बसलात?"

"बायको करताना असाच विचार केला होतात का?"

"माझ्या बायकोने केला होता. म्हणून तर मला हो म्हणाली."

मात्सुएबाई खो खो हसली. लोखंडी रिमला वेगळ्या बुडाचे नट लागतात, ते तिने आपणहून शोधून दिले. घरी येऊन इनागाकीने रिम्स घासल्या आणि चंदेरी रंग दिला. टायर चढले, चाकं बसली, मेण लावून पाहिलं, कुठेच नक्षी उमटली नाही. कीइचीने वळणावर जाऊन स्टिअरिंग शेवटपर्यंत फिरवलं. गाडी एका दमात फिरली. त्या दिवशी जिझोसमोर त्याने एक संत्रं ठेवलं. खेकसल्याबद्दल.

लग्नाच्या सकाळी घरासमोर सगळी आळी जमली. माडीच्या खिडकीतून चिनात्सुच्या मावसभावांनी खाऊची पाकिटं उधळली आणि खाली बायका ॲप्रनचा ओचा पसरून ढकलाढकली करत होत्या. चिनात्सुने आईचा फिकट पोपटी किमोनो नेसला होता. तसबिरीपुढे हात जोडून ती आली, बापासमोर गुडघे टेकून बसली आणि खाली वाकली.

"इतकी वर्षं सांभाळलंत. उपकार झाले."

फुसाए मागे पहाऱ्याला उभी होती. कीइचीने मान हलवली. चिनात्सु उठली, पायताण घालताना सवयीने तिचे ओठ उघडले, आणि फुसाए खाकरली. ओठ मिटले. उंबऱ्यातून ती न बोलता बाहेर पडली. इतक्या वर्षांत पहिल्यांदा, न बोलता.

मागे चिनात्सु आणि फुसाए, पुढे एकटा कीइची. गाडी सावकाश उतरू लागली. जिझो आला. कीइचीने स्टिअरिंग फिरवलं, शेवटपर्यंत. भिंत हातभर लांबून सरकत गेली. कुठे घासलं नाही. गाडी फिरली. फिरली! त्याचे डोळे भरून आले आणि फुसाए मागून म्हणाली, "शाब्बास रे माझ्या वाघा."

आणि वळण संपताच समोर गाडी उभी. म्हाताऱ्यांना दिवसभर सांभाळायच्या केंद्राची उंच व्हॅन, चालवणारी बाहेरगावची कोवळी पोर. व्हॅनमधून त्सुने आजीने डोकं बाहेर काढलं. नव्वदीची, पण नवरी ओळखली तिने.

"नवरी आहे! नवरी आहे! मागे घे गं पोरी, मागे घे!"

व्हॅनमधल्या बाकीच्या आज्याही ओरडू लागल्या. नियम म्हणजे नियम. ती पोर गोंधळली, व्हॅन मागे घेऊ लागली. तिथे उताराला कडेचं गटार उघडं होतं. मागचं चाक काठावर गेलं, व्हॅन कलली, आतली चाकाची खुर्ची घरंगळून आपटली. आज्यांचा आवाज बंद झाला. पोरीने ब्रेक दाबला आणि रडायच्या बेताला आली. तरी त्सुने आजी हाताने मागे, मागे अशी खूण करतच होती.

कीइचीचे हात स्टिअरिंगला चिकटले होते. मागे फक्त एकच जागा होती, वळणाच्या वर, बागेच्या शेडपाशी. तिथवर जायचं म्हणजे तेच वळण उलटं. सगळी धडपड ज्या एका गोष्टीसाठी, तीच करायची.

"बाबा," चिनात्सु म्हणाली, "मागे घ्या."

फुसाए ताठ झाली.

"नाही," कीइची म्हणाला. त्याचा आवाज फाटला. "नाही गं. या वेळी नाही. या वेळी तू नीट जायची आहेस."

"बाबा, ऐका." तिने पुढे वाकून बापाच्या खांद्यावर हात ठेवला. "ओसाकाहून मी आले तेव्हा स्टेशनवर तुम्ही ह्याच गाडीने आला होतात. काही विचारलं नाहीत. म्हणालात, भूक लागलीय का? घरी न्हाणीत पाणी तापवून ठेवलं होतंत. तिथे शेवटचं वर्ष मी कसं काढलं ते मी कुणालाच सांगितलेलं नाही. एवढंच सांगते, मागे यायला घर होतं म्हणून मी जगले. मागे येणं वाईट नव्हतं, बाबा. त्यानेच मला वाचवलं."

कीइचीच्या गालांवरून पाणी वाहू लागलं. त्याने ते पुसलंही नाही.

"ताई," तो म्हणाला.

"मला काही विचारू नकोस," फुसाए म्हणाली. "मला मोतीबिंदू आहे. मी डोळे मिटलेत." आणि खरंच मिटले.

कीइचीने गिअर मागचा टाकला. मान वळवली, चिनात्सुच्या फुलं माळलेल्या डोक्यापलीकडे रस्ता पाहिला. स्टिअरिंग शेवटपर्यंत फिरवलं. चाकं निमूट वळली, पुढे जाताना वळली होती तशीच. भिंतीपासून हातभर, जिझोच्या समोरून, गाडी एका दमात मागे वर चढली आणि शेडपाशी थांबली.

व्हॅन शेजारून वर गेली. ती पोर हात जोडत होती. त्सुने आजी काचेला चिकटून रडत होती, तोंडाने म्हणत होती, माफ कर गं बाळ, माफ कर. चिनात्सुने हसून तिला वाकून नमस्कार केला.

मग कीइचीने गाडी पुन्हा पुढे घेतली. वळण पुन्हा एका दमात.

देवळाच्या पायऱ्यांपाशी इनागाकी उभा होता. गाडी थांबताच तो धावत आला आणि नवरीकडे बघायच्या आधी चाकापाशी वाकला. फुसाए म्हणाली, "अरे, नवरी इकडे आहे!" त्याचे कान लाल झाले, पण तरी त्याने टायरच्या खांद्यावर बोट फिरवून पाहिलंच.

"एका वळणात?" त्याने हळूच विचारलं.

"मागे घ्यावी लागली," कीइची म्हणाला. खोटं बोलायचं त्याच्या मनात आलं होतं, पण बोलवेना.

इनागाकीने त्याच्या ओल्या गालांकडे पाहिलं. "घासलं का?"

"नाही. जाताना नाही, आणि येतानाही नाही."

"मग बरोबर बसल्यात, बाबा."

बाबा. कीइचीने नुसती मान हलवली.

चिनात्सु गाडीतून उतरली. किमोनोचा घोळ सावरून तिने दोन पायऱ्या चढल्या, थांबली, आणि वळली. फुसाए आभाळाकडे बघू लागली.

"बाबा, जाऊन येते."

"ये," कीइची म्हणाला. "ये जाऊन."